जोडगारेची दुसरी फाक

चिपळूणहून जामखेडला कुणी हवापालटाला जात नाही. मीही त्यासाठी गेले नव्हते. माझ्या पर्समध्ये एक कापडी बटवा होता, बटव्यात आवळ्याएवढा एक खडा होता आणि तो खडा रोज पहाटे पाचच्या सुमाराला आपोआप गरम होत होता. तेवढ्यासाठी मी लॅब मदतनीस स्मितावर सोपवून ऐन संक्रांतीच्या तोंडावर घराबाहेर पडले. आता परत आल्यावर लोक विचारतात, काय पाहिलंस तिकडे? मी सांगायला लागते आणि अर्ध्यावर माझंच मला कळेनासं होतं. म्हणून एकदा सगळं क्रमाने लिहून काढते आहे.

माझी रक्त-लघवी तपासायची छोटी लॅब आहे. गणपती झाल्यावर रस्त्याच्या कामावरची एक बाई तपासणीसाठी आली. नाव शेवंता, वय चौतीस. नखं पांढरीफटक. मी रक्त घेतलं, ती गेली, आणि बाकड्यावर तिचा बटवा राहिला. रिपोर्ट न्यायला ती आलीच नाही. रजिस्टरात तिच्या गावाचं नाव आणि तालुका जामखेड एवढंच होतं. मोबाईल नंबर मुकादमाचा, तोही लागेना. त्यांच्या झोपड्यांकडे जाऊन आले, तर कामाचा टप्पा पुढे सरकलेला, मागे चुलीचे दगड तेवढे उरलेले.

बटव्यातला खडा फिकट हिरवा, खडीसाखरेसारखा होता. एक बाजू खडबडीत, दुसरी काचेसारखी सपाट, मधोमध चिरल्यासारखी. हरवू नये म्हणून मी तो घरी नेला आणि ओट्यावर ठेवला. दुसऱ्या दिवशी सकाळी सातला चहा करताना हाताला लागला, तर गरम. कुणाच्या मुठीतून नुकताच काढून ठेवल्यासारखा. आधी वाटलं गॅसची धग असेल. कपाटात ठेवला, तरी तेच. मग मी वहीत नोंदी करायला लागले. खोलीचं तापमान अमुक, खड्याचं तमुक. चहा पिताना तो मुठीत धरायची सवयच लागली. का ते विचारू नका. ऊब बरी वाटायची.

नवरात्रातल्या एका रविवारी मला काय सुचलं कोण जाणे, बघू तरी म्हणून तो खडा दिवसभर लॅबच्या फ्रिजमध्ये ठेवला. संध्याकाळी काढला तेव्हा बर्फासारखा झाला होता. त्यानंतर दोन-तीन सकाळी तो गरम झाला आणि मग एकदम बंद पडला. तेरा दिवस नुसता दगड. चालू यंत्र आपण बिघडवलं असं मला वाटत राहिलं. पुढे एकदा नळाला पाणी आलं म्हणून पहाटे पाचला उठले, तर ओट्यावर तो ऊन झालेला. तसाच मुठीत धरून चहा घेतला. तेव्हापासून वेळ पाचची. मीही पाचला उठायला लागले. पण सातचे पाच का झाले, मधले तेरा दिवस कुठे गेले, काही उलगडेना. शेवटी रजिस्टरातलं गावाचं नाव चिठ्ठीवर लिहून घेतलं आणि एसटीत बसले.

जामखेड

नगरच्या स्टँडवर पाटी अहिल्यानगरची, आणि कंडक्टर मात्र खिडकीबाहेर मान काढून ‘नगर, नगर’ ओरडत होता. तिथून जामखेडच्या वाटेला लागलं की आमच्या कोकणी डोळ्यांची पंचाईत होते. आमच्याकडे नजर शंभर पावलांवर कशाला तरी अडते, झाडाला, दगडी गडग्याला, शेजाऱ्याच्या गोठ्याला. इथे ती सुटली की सुटलीच. पांढुरकी माळरानं, मध्येच ज्वारीचे उभे तुकडे, आणि लांबवर डोंगराची निळी रेघ.

मुक्काम जामखेडला केला आणि सकाळी वडापच्या जीपने गावाकडे निघाले. गावाचं नाव इथे लिहीत नाही. लिहिलं तर उद्या कुणीतरी पहार घेऊन तिथे पोहोचायचं. त्या नावाची गावं दोन निघाली, एक बुद्रुक आणि एक खुर्द. मी अर्थातच चुकीच्या ठिकाणी उतरले. पारावरच्या माणसांनी माझी कुठली, कुणाची, एकटीच का, जेवलीस का अशी सगळी चौकशी केली आणि मग शेवंता खुर्दची असल्याचं सांगितलं. आमच्याकडे पाहुण्याला आधी पाणी देतात आणि प्रश्न मागाहून, आडून आडून विचारतात. इथे प्रश्न आधी, पण ते संपेपर्यंत चहाचा कप हातात आलेला असतो.

खुर्द तीन किलोमीटर. बांधाबांधाने चालत निघाले. गावाच्या अलीकडेच एका शेतात धूर दिसला. म्हातारा-म्हातारी हुरडा भाजत बसली होती. जमिनीत खळगा करून त्यात गोवऱ्यांचा विस्तव केलेला, त्यात ज्वारीची कोवळी कणसं. म्हातारा गरम कणीस तळहातावर चोळून हिरवे दाणे पाडत होता. मी काही बोलायच्या आत म्हातारीने पोतं अंथरलं आणि दाणे, शेंगदाण्याची चटणी नि गुळाचा खडा माझ्यापुढे ठेवला. हे किसनबापू. उभी हयात विहिरी खोदण्यात गेलेली. आणि ही त्यांची बायको, गंगूकाकू.

“शेवंताबाई इथल्याच ना?” मी विचारलं.

“व्हय, आमच्या भावकीतलीच,” बापू म्हणाले. “पर ती ऊसतोडीला गेली दसरा झाल्यावर. देवळाली प्रवऱ्याकडं. काय काम हुतं, ताई?”

मी बटवा काढून खडा हातावर घेतला. बापूंचं कणीस चोळणं थांबलं.

“ही जोडगार तुमच्याकडं कशी?”

मी लॅबची सगळी हकीकत सांगितली आणि विचारलं, “जोडगार म्हणजे काय, बापू?”

त्यांनी सांगितलं ते असं. विहीर खोदताना काळ्या खडकात कधी कधी पोकळी लागते. आत पांढऱ्या सुयांसारखे खडे असतात, ते पुष्कळ ठिकाणी सापडतात. पण त्या सुयांच्या मधोमध हा हिरवा खडा मिळणं फार दुर्मीळ, बापूंना स्वतःला जन्मात दोनदा मिळाला. तो अडकित्त्यात धरून दाबला की बरोबर मधून फुटतो. त्या दोन फाका कितीही लांब नेल्या तरी एक तापली की दुसरी तापते.

“आता कुटं घावायची?” बापू म्हणाले. “बोरचं मशीन आलं. खडक म्हना, गार म्हना, समदं पीठ हून वर येतं.”

“पण उपयोग काय तिचा?”

“उपेग? मानसं सा-सा म्हयने तोडीला जायची. तवा काय फोन हुते? एक फाक घरी, एक संगं. सकाळी मुठीत धरायची. तिकडं ऊन लागली की कळायचं, मानूस बरं हाय. तान्हं पोर आजीपाशी ठिवलं तर पाळन्याला बांदायची. पोराला ताप चढला की फडात आईला कळायचं.”

“आन गाभन म्हशीच्या दाव्याला बांदत्यात,” काकू म्हणाल्या.

“ते तुज्या म्हायेरी.”

“आमच्या म्हायेरी दुधात घालत्यात. दाव्याला हितंच बांदत्यात.”

त्यावर दोघांची चांगलीच जुंपली. जोडगारेला पाणी चालतं की नाही, ती बाईनेच धरायची की पुरुषानेही, अमावस्येला ती काम करते की नाही, एकाही गोष्टीवर दोघांचं एकमत नव्हतं. मी वही काढली होती ती मिटून टाकली.

“ऊन म्हणजे माणूस बरं आहे,” मी म्हटलं. “आणि गार पडली तर?”

बापूंनी काटकीने विस्तव सारखा केला. काकू म्हणाल्या, “तर मानूस गेलं. न्हाईतर जायला लागलं.”

मग दुसरी फाक कुणाकडे होती ते कळलं. शेवंताच्या सासूकडे. चंद्रभागा नाव, गाव चंदाबाई म्हणायचं. म्हातारीचे डोळे गेलेले. रोज सकाळी ती चुलीपुढे बसून फाक मुठीत धरायची. नवरात्रात एक दिवस ती एकाएकी ओरडत उठली. फाक बर्फागत झाली होती. माझ्या शेवंताला काहीतरी झालं, तिला आणा, म्हणून तिने सगळं गाव गोळा केलं. दिवसभर अन्नाला शिवली नाही. आणि त्याच आठवड्यात गेली.

“त्या खड्यानंच घेतली तिला,” काकू म्हणाल्या.

“वय झाल्तं,” बापू म्हणाले.

“कोणता दिवस होता तो?” मी विचारलं.

“वार न्हाई ध्यानात. पर साळंला सुट्टी हुती. पोरं वसरीवर खेळत हुती.”

हुरड्याचे दाणे माझ्या तोंडातच राहिले. रविवार. चारशे किलोमीटरवर मी फ्रिजचं दार लावलं होतं.

बापूंनी विचारलं, “मंग तिकडनं फाक ऊन कोन करत हुतं?”

“मी. चहा पिताना.”

“तरीच!” ते हसले. “म्हातारी म्हनायची, कोकनात जाऊन शेवंताला वळन लागलं. रोज सातच्या ठोक्याला.”

फ्रिजचं मी सांगितलं नाही. काकूंनी निघताना फडक्यात हुरडा बांधून दिला, तो मी खाली मान घालून घेतला.

देवळाली प्रवरा

दुसऱ्या दिवशी भोगी. नगरवरून राहुरीकडे वळलं आणि जिल्हाच बदलल्यासारखा वाटला. पाटाचं पाणी, दोन्ही बाजूंना उसाच्या भिंती, हवेत मळीचा आंबूस वास, रस्ताभर उसाच्या ट्रॉल्या. ज्या जिल्ह्यात पाण्यासाठी बापूंनी हयातभर खडक फोडला, त्याच जिल्ह्यात इथे बांधावरून चालताना चपला चिखलात रुतत होत्या.

मी मात्र वाटभर एकच विचार करत होते. आता शेवंताला काय सांगायचं? तुझ्या सासूला मी भीती घालून मारली, असं? माणूस भीतीने मरतं का, मला ठाऊक नाही. दगड दूरवरून गार पडतो हेही चार महिन्यांपूर्वी मी कुठे मानलं असतं? माझ्याजवळ वहीभर नोंदी होत्या आणि त्यांचा अर्थ सांगेल असं कुणी नव्हतं.

तीन फडांवर विचारत, उसाच्या पात्याने गालावर ओरखडा काढून घेत, दुपारी मी टोळीच्या झोपड्यांपाशी पोहोचले. पाचटाने शाकारलेल्या बुटक्या कोप्या. एका कोपीपुढे शेवंता भाकरी थापत होती. मला पाहताच ती तशीच पिठाच्या हातांनी उभी राहिली.

“रगतवाल्या बाई! हितं? काय वंगाळ निघालं का माज्या रगतात?”

“रक्त फार कमी आहे तुझं. गोळ्या आणल्यात. वेळेवर घ्यायच्या आणि इथल्या डॉक्टरला दाखवायचं.”

“एवढ्यासाटी आला?” तिचा विश्वास बसेना. “आवं, ह्या बाई बगा, रगताचा कागुद द्यायला कोकनातनं आल्या!”

बाळू तिचा नवरा. बैलांपुढे उसाचं वाढं टाकून तो आला, हात जोडले आणि बाजूला बसला. माझ्या हाती लगेच ताट आलं. तीळ लावलेली बाजरीची भाकरी, लोण्याचा गोळा आणि भोगीची भाजी. गाजर, वांगं, घेवडा, हरभऱ्याचे सोलाणे, बोरं, आणि उसाचे कांडकेसुद्धा. आमच्याकडे भोगीला तांदळाची भाकरी आणि मुगाची खिचडी. भाजीत बोर दाताखाली आलं तेव्हा मी दचकले, आणि शेवंता खदखदून हसली.

मी पर्सकडे हात नेणार, तेवढ्यात तीच म्हणाली, “बाई, तुमी शिकलेल्या हाय. तुमाला एक दावते. हसू नका.” तिने गळ्यातला काळा दोरा बाहेर ओढला. दोऱ्याला पिशवी आणि पिशवीत हिरवी फाक. “ही आत्याबाईची. माजी सासू. हिच्या जोडीची माजी मी कोकनात हरवली. कुटं पडली काय म्हाईत. रस्त्याच्या खडीत लई हुडकली. आत्याबाईला सांगायला भ्याले. पर ती फोनवर कायबीच म्हनायची न्हाई. मलाच कोडं पडायचं.”

“मग?”

“मंग नवरात्रात तिनं सांगावा धाडला, असशील तशी निघून ये. मला तर कायबी झालं नव्हतं. काम टाकून यावं लागलं म्हनून मी लई चिडले. पर आले. आले म्हनून घावली, बाई. तिनं माज्या तोंडावरनं हात फिरवला. दोन दिस मी तिला न्हाऊ घातलं, माज्या हातनं जेवली. तिसऱ्या दिशी दुपारची माज्या मांडीवर गेली. तिला कळलं हुतं बगा आपलं. म्हनून तिनं मला बहाना करून बोलावलं.”

बाळू जमिनीकडे बघत होता. शेवंता पुढे झुकली.

“तेरा दिस ही फाक कणगीत पडून हुती. नदीत सोडायची असती, मानूस गेल्यावर. म्या म्हनलं, एकडाव मुठीत धरून बगू. तोडीला आले तवा पहिल्याच पहाटं धरली, आन बाई, ती ऊन झाली! माजी हरवलेली फाक आत्याबाईला घावली. वर तिच्यापाशी हाय ती. आता रोज पहाटं, भाकरी थापायच्या आदी, आमी दोगी बोलतो.”

“आय गेली,” बाळू हळूच म्हणाला. “हिला पटत न्हाई.”

मी ताट खाली ठेवलं. ज्या गुन्ह्याची माफी मागायला मी आले होते तो उलटा होऊन माझ्यासमोर बसला होता. फ्रिजचं दार मी लावलं नसतं, तर शेवंता सासूच्या शेवटाला पोहोचली नसती. आणि रोज पहाटे वरून बोलणारी तिची आत्याबाई म्हणजे चहाचा कप घेऊन उभी असलेली मी. सांगावं? न सांगता बटवा घेऊन परत जावं आणि जन्मभर पाचला उठावं? मला तेही जमलं असतं. खरं सांगते, तो विचार माझ्या मनात बराच वेळ होता. पण माझी एखादी सकाळ चुकली असती. एखादा ताप, एखादा प्रवास, आणि शेवटी माझं मरण. मग हिच्या हातात तीच फाक पुन्हा गार पडली असती, आणि का ते सांगायला कुणी नसतं.

मी बटवा काढून तिच्यापुढे ठेवला. सगळं सांगितलं. बाकडं, ओटा, चहा, वही, फ्रिज.

शेवंताने बटव्याला हात लावला नाही.

“फ्रीजात?” तिने विचारलं. “किती येळ?”

“दिवसभर.”

“का?”

“बघायला.”

“काय बगायला?”

मी वही काढून त्या रविवारचं पान तिच्यापुढे धरलं.

“म्हंजी तुमी बोलावलं आमाला,” बाळू म्हणाला. त्याच्या आवाजात राग होता की दुसरं काही, मला ओळखता आलं नाही.

“आन रोज पहाटं?” शेवंताने विचारलं. “तेबी तुमीच?”

“हो.”

ती उठली. परातीतलं पीठ तिने पुन्हा मळायला घेतलं, चांगलं मळून झालं होतं तरी मळतच राहिली. माझ्याकडे तिने पाठ केली होती. मग बाळूने बटवा उचलून माझ्या हातात दिला. “आता ऱ्हाऊ द्या तुमच्याजवळच. तिला वाटंल तवा घील.” फडाच्या कडेपर्यंत तो सोडायला आला. तिथे थांबून म्हणाला, “आयला मी बगितलं ते बी त्यामुळंच. मला वंगाळ वाटून घ्यावं का चांगलं, कळंना बगा.” मी म्हटलं, मलाही.

राहुरीच्या लॉजवर पहाटे पाचला आपोआप जाग आली. बटवा उशाशी होता. फाक गार. साडेपाच झाले, गार. आपण एका बाईची सासू दुसऱ्यांदा मारली असं वाटून मी अंथरुणावर उठून बसले. सहाच्या थोडं आधी तिला ऊब लागली. अगदी थोडी, असेल-नसेल अशी. मग वाढत गेली. पलीकडे कोण आहे हे आता तिला माहीत होतं, आणि तरीही तिने मूठ मिटली होती.

मी घट्ट धरून ठेवली. चहाशिवाय.

पुणतांबा

त्या सकाळी साडेनऊला रिपोर्टवरचा नंबर लावून शेवंताने फोन केला. संक्रांत, म्हणून टोळीने तोड लवकर आटपली होती. “बाई, पुनतांब्याला चला माज्यासंगं. नदीवर.” बस. पुढे काही नाही.

राहुरीच्या स्टँडवर ती नवी साडी नेसून उभी होती. श्रीरामपूरला गाडी बदलली. वाटेत ती खिडकीबाहेर बघत होती आणि मला राग आहे का विचारायचा धीर होत नव्हता. अर्ध्या वाटेवर तिने पिशवीतून पेरू काढला, दाताने तोडला आणि अर्धा माझ्या हातावर ठेवला. तो मी उत्तर म्हणून खाल्ला.

गोदावरीच्या घाटावर बायकांची गर्दी होती. सुगडी, गाजरं, बोरं, हरभऱ्याची डहाळी, हळदकुंकवाचे करंडे. आमच्याकडे संक्रांतीचं हळदकुंकू घराघरात, आमंत्रण देऊन. इथे अनोळखी बाईसुद्धा हात धरून थांबवते आणि कपाळाला कुंकू लावते. आम्ही गर्दीपासून जरा लांब, खालच्या पायरीवर बसलो. शेवंताने माझ्याकडे हात केला. मी बटवा दिला. तिने दोन्ही फाका तळहातावर घेतल्या आणि सपाट बाजूंनी एकमेकींना लावल्या. त्या अशा चिकटून बसल्या की सांधा दिसेना.

“लग्नाच्या दिशी आत्याबाईनं माज्यासमोर फोडली ही. म्हनली, तुला आई न्हाई तर ही घे.”

तिने त्या पुन्हा सोडवल्या. आणि नेमक्या त्याच वेळी एक बाई तीळगूळ घेऊन समोर उभी राहिली. शेवंताने घाईने दोन्ही फाका पदरात टाकल्या, वाकून कुंकू लावून घेतलं, तीळगूळ घेतला, त्या बाईला नमस्कार केला. मग पदर उघडला.

“बाई,” ती म्हणाली. “ह्यातली तुमची कंची?”

मी चार महिने ती फाक हातात धरत होते. वजन केलं होतं, तापमान घेतलं होतं, भिंगाखाली पाहिली होती. दोन्ही हातात घेऊन मी उलटसुलट केल्या. उजवीकडची वाटली. मग डावीकडची.

“नाही सांगता येत,” मी म्हटलं.

“मलाबी न्हाई.”

गेलेल्या माणसाची फाक सोडायची, जित्या माणसाची ठेवायची. चुकलो तर जित्या माणसाची पाण्यात जायची. तिने एक उचलली, ठेवली, दुसरी उचलली. शेवटी दोन्ही माझ्या ओंजळीत टाकल्या, डोळे मिटून हात घातला, आणि हाताला लागली ती उचलून लांब पाण्यात भिरकावली. डुबुक असा लहानसा आवाज झाला. पलीकडच्या बायकांनी वळूनसुद्धा पाहिलं नाही.

उरलेली फाक तिने माझ्या ओंजळीतून घेतली आणि मुठीत धरून बसली. मी पाण्याकडे पाहत होते. थोड्या वेळाने तिने माझा हात ओढला आणि फाक माझ्या तळव्यावर दाबली. दुपारच्या उन्हात, तिच्या तापलेल्या मुठीतून निघालेला तो खडा गार होता. फ्रिजसारखा नव्हे. वाहत्या पाण्यात पाय सोडल्यावर लागतो तसा.

“नदी लागती का वो?” तिने विचारलं.

“तसंच वाटतंय.”

तिने तो खडा आपल्या मानेला लावला. मग गालाला, मग दुसऱ्या गालाला. रात्रंदिवस पाचटात राबून काळवंडलेल्या तिच्या चेहऱ्यावर काय आलं ते मला नीट सांगता येत नाही. “आमच्याकडं उनाळा कसला असतो तुमाला म्हाईत न्हाई,” ती म्हणाली. पुढे म्हणाली, “तुमी लबाडी केली असती तर मला कळलं नसतं.”

“हो.”

“मंग का सांगितलं?”

मी विचार करून उत्तर देणार होते. पण गाडीची वेळ झाली होती, आणि तिने माझ्या हातावर तीळगूळ ठेवून बोलणं संपवलं.

मी परत आले. लॅब सुरू आहे. पाचला जाग येते, मग उगाच ओटा पुसत बसते. नोंदींची वही मी तीन वेळा वाचली. आकडे बरोबर आहेत, त्यापलीकडे काही सांगता येत नाही. गोळ्या संपल्यावर शेवंताने तिकडच्या डॉक्टरकडून पुन्हा रक्त तपासून घेतलं आणि वाढल्याचं फोनवर सांगितलं. नदीत नेमकी कुणाची फाक गेली, ते आम्ही एकमेकींना विचारत नाही.

चैत्रात एका सकाळी तिचा फोन आला. टोळी कधीच गावाकडे परतली होती. मागे कुठेतरी कोंबडा आरवत होता.

“बाई, आठ दिस झालं खडा नुस्ता कढत हुता. हातात धरवंना. म्या म्हनलं, तिकडं नदी आटली. वाळूत उघडा पडला आसंल.”

“मग?”

“आज पहाटं गार पडला.” तिला हसू येत होतं की रडू, फोनवर कळलं नाही. “वरनं धरनाचं सोडलं आसंल. आत्याबाईला पानी मिळालं बगा.”